जुनी कार्ट्रिज, नवा गेमबॉय: बसणं वेगळं आणि चालणं वेगळं

जुनी कार्ट्रिज नव्या हँडहेल्डमध्ये चालेल का, हे बघायला बहुतेक जण ती स्लॉटमध्ये जाते का एवढंच बघतात. आत गेली म्हणजे चालणार, असं धरून चालतात. खरं तर त्यासाठी चार गोष्टी जुळाव्या लागतात. स्लॉटचा आकार जुळला पाहिजे, कार्ट्रिजला हवं तेवढंच व्होल्टेज मिळालं पाहिजे, जुन्या गेमची भाषा समजणारा प्रोसेसर आत असला पाहिजे, आणि गेमला लागणारी केबल, इन्फ्रारेड किंवा दुसरा स्लॉट नव्या यंत्रावर शिल्लक असला पाहिजे. चौथी गोष्ट सर्रास विसरली जाते, आणि गेम सुरू झाल्यावरही अर्धवट राहतो तो तिच्यामुळेच.

निंटेंडोच्या गेमबॉय घराण्यात या चारही गोष्टी एकामागून एक बदलत गेलेल्या दिसतात, म्हणून इथे बराचसा भर त्याच घराण्यावर आहे.

१९८९चा मूळ गेमबॉय आणि १९९६चा गेमबॉय पॉकेट यांच्यात कार्ट्रिजच्या दृष्टीने फरक नाही. १९९८मध्ये गेमबॉय कलर आला आणि कार्ट्रिजचे तीन प्रकार झाले. करड्या कार्ट्रिज जुन्या, सगळीकडे चालणाऱ्या. काळ्या कार्ट्रिज दोन्हीकडे चालतात, कलरवर रंगीत आणि जुन्यावर करड्या छटांत. पारदर्शक कार्ट्रिज फक्त कलरसाठी. रंगावर डोळे झाकून विसंबू नका. पोकेमॉन गोल्ड आणि सिल्व्हर सोनेरी-चंदेरी कवचात आहेत, पण प्रकाराने त्या काळ्यांसारख्या, म्हणजे दोन्हीकडे चालणाऱ्या. पक्की खूण गेमच्या हेडरमध्ये, म्हणजे सुरुवातीच्या माहितीच्या भागात, ०१४३ या हेक्स (सोळाच्या पटीतल्या आकड्यांच्या) पत्त्यावरच्या एका बाइटमध्ये असते. तिथे ८० असेल तर दोन्हीकडे, सी० असेल तर फक्त कलरवर.

फक्त-कलर कार्ट्रिज मूळ गेमबॉयमध्ये घातली तर तो चालूच होत नाही. जुन्या कार्ट्रिजच्या वरच्या एका कोपऱ्यात खाच असते, आणि मूळ गेमबॉयचं पॉवरचं बटण सरकवलं की प्लॅस्टिकची एक जीभ त्या खाचेत जाऊन बसते. त्यामुळे चालू गेम उपसता येत नाही. फक्त-कलर कार्ट्रिजला ती खाचच ठेवलेली नाही, म्हणून जीभ अडते आणि बटण सरकत नाही. जोर लावू नका, जीभ मोडेल. पॉकेटमध्ये ही जीभ नाही. तिथे तीच कार्ट्रिज आत जाते, यंत्र चालू होतं आणि हा गेम फक्त कलरवर चालतो असा संदेश पडद्यावर येतो.

कलरवर जुना करडा गेम लावला तर यंत्र स्वतः त्याला रंग देतं. लोगो दिसत असताना दिशेचं बटण, एकटं किंवा ए वा बी सोबत, दाबून धरलं तर १२ रंगसंच मिळतात. डावी दिशा अधिक बी म्हणजे साधा काळा-पांढरा. अनेक जुन्या गेमना हा संच सगळ्यात शोभतो, कारण चित्रं त्याच छटांसाठी काढलेली होती. हीच बटणं गेमबॉय ॲडव्हान्सवरही चालतात. काळ्या कार्ट्रिजचे रंग गेममध्येच ठरलेले असल्याने तिथे या बटणांचा उपयोग नाही.

ॲडव्हान्समधला छोटा खटका

२००१च्या गेमबॉय ॲडव्हान्समध्ये १६.७८ मेगाहर्ट्झचा ३२-बिट एआरएम प्रोसेसर आहे. त्याच्याबरोबर जुन्या घराण्याचा ८-बिट प्रोसेसरही बसवलेला आहे. एका वेळी दोघांपैकी एकच काम करतो. जुना गेम इथे नक्कल करून चालवला जात नाही, तो त्याच्या मूळ प्रोसेसरवरच धावतो. वेग, आवाज आणि वेळेचं गणित जसंच्या तसं राहतं ते यामुळे.

कोणता प्रोसेसर जागा करायचा, हे यंत्राला कळतं कसं? स्लॉटमध्ये एक छोटा खटका आहे. जुनी कार्ट्रिज आत गेली की तिची कड तो दाबते. ॲडव्हान्सच्या कार्ट्रिजला नेमकी तिथे खाच आहे, म्हणून खटका सुटा राहतो. दाबला गेला तर कार्ट्रिजला ५ व्होल्ट आणि काम ८-बिट प्रोसेसरकडे, सुटा असेल तर ३.३ व्होल्ट आणि काम एआरएमकडे. दोन पिढ्यांमधला सगळा निर्णय या एका खटक्यावर आहे.

पिनांची मांडणीही बघण्यासारखी आहे. दोन्ही कार्ट्रिजना ३२ पिना आहेत आणि त्या एकाच ओळीत, एकाच अंतरावर येतात. जुन्या कार्ट्रिजमध्ये १६ पिना पत्त्यासाठी, म्हणजे कुठली माहिती हवी ते सांगण्यासाठी, आणि ८ पिना डेटासाठी. ॲडव्हान्सने त्याच २४ तारा वेगळ्या तऱ्हेने वापरल्या. पत्त्याच्या १६ तारांवरून आधी पत्त्याचा खालचा भाग जातो आणि मग त्याच तारांवरून १६ बिटांचा डेटा येतो, तर जुन्या डेटाच्या ८ तारांवर पत्त्याचा वरचा भाग असतो. कनेक्टर न बदलता १६ बिट एकदम वाचायची सोय झाली. मला या सगळ्या रचनेतला हा सगळ्यात सुंदर भाग वाटतो.

खटक्यात धूळ बसली किंवा तो दाबलेलाच अडकला, तर ॲडव्हान्सची कार्ट्रिज घालूनही यंत्र जुन्या गेमबॉयच्या रीतीने सुरू होतं. असं दिसलं की लगेच बंद करा. ३.३ व्होल्टच्या कार्ट्रिजला तेव्हा ५ व्होल्ट मिळत असतात. यंत्राच्या बॅटऱ्या काढून कापसाची काडी अल्कोहोलमध्ये किंचित भिजवा, खटक्याभोवती फिरवा, बारीक लाकडी काडीने तो हलकेच आत-बाहेर होतो का ते बघा. त्यानेही सुटला नाही तर यंत्र उघडून खटका बदलावा लागतो.

जुन्या गेमचा पडदा १६० बाय १४४ ठिपक्यांचा, ॲडव्हान्सचा २४० बाय १६०. म्हणून जुना गेम मधोमध, दोन्ही बाजूंना काळी पट्टी ठेवून दिसतो. आर दाबलं की चित्र आडवं ताणलं जातं, एल दाबलं की मूळ रुंदीवर येतं. उंची तीच राहते, रुंदी तेवढी वाढते, त्यामुळे चेहरे फाकतात आणि वर्तुळं अंडाकृती होतात. ताणून खेळू नये असंच मी सांगेन.

आता न चालणाऱ्या गोष्टी. कलरवर इन्फ्रारेड होतं, ॲडव्हान्सवर नाही. त्यामुळे गोल्ड-सिल्व्हरमधली इन्फ्रारेडवरची भेट देण्याची सोय इथे बंद. जुने गेम दोघांनी खेळायचे तर केबल कलरचीच लागते, ॲडव्हान्सची चालत नाही. ॲडव्हान्सच्या केबलचा प्लगही वेगळ्या आकाराचा आहे, तो कलरमध्ये शिरत नाही. म्हणजे केबल विकत घेताना यंत्र कोणतं ते बघू नका, गेम कोणत्या पिढीचा आहे ते बघा. मूळ गेमबॉयचं केबलचं भोक तर आणखी मोठं, त्याला वेगळा प्लग किंवा जोडणी लागते.

२००३च्या ॲडव्हान्स एसपीमध्ये स्लॉट वरून खाली गेला. जुनी कार्ट्रिज सुमारे साडेसहा सेंटीमीटर लांब, ॲडव्हान्सची साडेतीन, त्यामुळे जुनी कार्ट्रिज खालून बाहेर डोकावते आणि हाताला लागते, पण चालते व्यवस्थित. अडचण हलवून खेळायच्या गेमची. किर्बी टिल्ट 'न' टम्बलच्या कार्ट्रिजमध्येच झुकाव ओळखणारा सेन्सर आहे. एसपीत कार्ट्रिज उलट्या दिशेने बसते, म्हणून यंत्र डावीकडे झुकवलं की किर्बी उजवीकडे घरंगळतो. हा गेम कलरवर किंवा मूळ ॲडव्हान्सवरच खेळावा.

तिन्ही पिढ्यांच्या कार्ट्रिज एकाच यंत्रावर हव्या असतील तर एसपीचं एजीएस-१०१ हे मॉडेल घ्या. एजीएस-००१मध्ये प्रकाश पडद्याच्या समोरून पडतो आणि काळा रंग धुरकट दिसतो. १०१मध्ये प्रकाश पडद्यामागून येतो. मॉडेल नंबर मागच्या लेबलवर असतो, पण लेबल आणि कवच बदललेली यंत्रं बाजारात भरपूर आहेत. म्हणून चालू करून मधलं प्रकाशाचं बटण दाबा. ००१मध्ये दिवा पूर्ण बंद होतो. १०१मध्ये तो बंद होत नाही, तेजस्वी आणि मंद अशा दोन पातळ्यांमध्ये बदलतो. विक्रेता फोटो पाठवत असेल तर बटण दाबतानाचा व्हिडिओ मागवा.

२००५चा गेमबॉय मायक्रो नाव गेमबॉयचं लावतो, पण ८-बिट कार्ट्रिज घेत नाही. त्याच्या केबलचं भोकही वेगळं. फक्त ॲडव्हान्सचे गेम खेळायचे असतील तरच तो बघावा.

डीएस: अर्धी परंपरा

२००४च्या निंटेंडो डीएसमध्ये दोन स्लॉट आहेत. वरचा डीएस कार्डांसाठी, खालचा ॲडव्हान्सच्या कार्ट्रिजसाठी. डीएसचा दुय्यम प्रोसेसर एआरएम७ जातीचा, म्हणजे ॲडव्हान्समध्ये मुख्य होता त्याच जातीचा आहे. ॲडव्हान्सचा गेम लावला की तो ३३ मेगाहर्ट्झवरून निम्म्या वेगावर उतरतो आणि गेम थेट चालवतो. ८-बिट प्रोसेसर मात्र काढून टाकला, आणि त्याबरोबर जुन्या करड्या-काळ्या कार्ट्रिजचा मार्ग बंद झाला. त्या स्लॉटमध्ये जातही नाहीत. दाबून बघू नका.

डीएसवर ॲडव्हान्सचा गेम एकाच पडद्यावर, चारी बाजूंनी काळी चौकट ठेवून दिसतो, कारण पडदा २५६ बाय १९२चा आहे. वरचा पडदा की खालचा, हे सेटिंगमध्ये आधीच ठरवायचं असतं. गेम सुरू झाल्यावर मेनूकडे परत येता येत नाही, यंत्र बंदच करावं लागतं. केबलचं भोक डीएसवर नाही, त्यामुळे ॲडव्हान्सचे गेम इथे एकट्यानेच खेळायचे. २००६च्या डीएस लाइटमध्ये हे सगळं तसंच, फक्त कार्ट्रिज सुमारे एक सेंटीमीटर बाहेर राहते. लाइटबरोबर रिकाम्या स्लॉटसाठी प्लॅस्टिकचं झाकण येतं. जुन्या यंत्रांत ते बहुधा हरवलेलं असतं आणि आत धूळ साचलेली असते, म्हणून पहिली कार्ट्रिज घालण्याआधी स्लॉट साफ करा.

२००८च्या डीएसआयने खालचा स्लॉटच काढला. याचा फटका फक्त ॲडव्हान्सच्या गेमना बसला असं नाही. पोकेमॉन डायमंड, पर्ल, प्लॅटिनम, हार्टगोल्ड आणि सोलसिल्व्हर हे डीएसचे गेम ॲडव्हान्सच्या रूबी, सॅफायर, एमरल्ड, फायररेड आणि लीफग्रीनमधून पोकेमॉन आणू शकतात. त्यासाठी जुनी कार्ट्रिज खालच्या स्लॉटमध्ये आणि नवं कार्ड वरच्या स्लॉटमध्ये एकाच वेळी लागतं. डीएसआयवर किंवा थ्रीडीएसवर हेच डीएस कार्ड उत्तम चालतं, पण हे स्थलांतर होऊच शकत नाही. कंपन करणारा पॅक आणि डीएसच्या ब्राउझरसाठीचं मेमरी पॅकही त्याच स्लॉटवर अवलंबून, तेही गेले. जुने पोकेमॉन पुढे न्यायचे असतील तर एक मूळ डीएस किंवा डीएस लाइट सांभाळून ठेवावाच लागतो.

२०११चा थ्रीडीएस डीएसची कार्डं चालवतो. थ्रीडीएसच्या कार्डाला कडेला एक छोटा कान आहे, म्हणून ते डीएसमध्ये जात नाही. डीएसचा गेम इथे १९२वरून २४० ओळींवर, म्हणजे सव्वापट ताणला जातो. सव्वापट हा पूर्णांक नाही, त्यामुळे ठिपके सारखे वाटले जात नाहीत आणि अक्षरांच्या कडा पुसट होतात. गेमचं चिन्ह निवडून सुरू करताना स्टार्ट किंवा सिलेक्ट दाबून धरलं तर चित्र लहान पण मूळ आकारात, स्वच्छ दिसतं. मजकूर जास्त असलेल्या गेमसाठी हे जरूर करा.

स्विच २ची (२०२५) गोष्ट निराळी. त्यात पहिल्या स्विचचा प्रोसेसर बसवलेला नाही, जुन्या गेमच्या सूचना चालता चालता रूपांतरित केल्या जातात. त्यामुळे एखादा गेम नीट चालतो की नाही हे त्या त्या गेमवर ठरतं. बाहेरच्या साधनांचा मुद्दा इथेही आहेच. रिंग फिट ॲडव्हेंचर या व्यायामाच्या गेमच्या रिंगमध्ये जुना जॉय-कॉनच, म्हणजे पहिल्या स्विचचा सुटा कंट्रोलरच बसतो. तो स्विच २शी वायरलेस जोडता येतो, पण यंत्राला लावून चार्ज करता येत नाही. त्यासाठी वेगळी सोय हवी.

इतर घराण्यांबद्दल थोडक्यात. सेगाचा गेम गिअर आतून सेगाच्याच टीव्हीला जोडायच्या मास्टर सिस्टिमचा भाऊ, म्हणून साध्या जोडणीवर मास्टर सिस्टिमची कार्ट्रिज चालते. पण २५६ बाय १९२चं चित्र १६० बाय १४४च्या पडद्यावर कोंबलं जातं आणि बारीक अक्षरं वाचता येत नाहीत. बांदाईचा वंडरस्वान कलर हा हँडहेल्ड जुन्या वंडरस्वानचे गेम घेतो. सोनीच्या व्हिटाने पीएसपीची यूएमडी तबकडी घेणं पूर्ण सोडून दिलं. २०२१मध्ये आलेला ॲनालॉग पॉकेट जुनं हार्डवेअर एफपीजीए चिपवर (आतल्या जोडण्या हव्या तशा मांडता येणाऱ्या चिपवर) उभं करतो आणि गेमबॉय, कलर, ॲडव्हान्स या तिन्हींच्या खऱ्या कार्ट्रिज घेतो. त्याचा पडदा १६०० बाय १४४० आहे, गेमबॉयच्या बरोबर दहापट, त्यामुळे गेमबॉय आणि कलरच्या गेममध्ये एकही ठिपका तिरपा किंवा पुसट होत नाही.

चालत नाही तेव्हा

यंत्र जुळणारं आहे आणि तरी गेम येत नसेल, तर दहापैकी नऊ वेळा पिनाच मळलेल्या असतात. याची खूण पडद्यावरच मिळते. चालू होताना गेमबॉय कार्ट्रिजमधून निंटेंडोच्या लोगोचे ४८ बाइट वाचतो आणि स्वतःकडच्या प्रतीशी ताडून बघतो. जुळले नाहीत तर तिथेच थांबतो. मूळ गेमबॉयवर वरून काळा ठोकळा खाली आला तर काहीच वाचलं गेलेलं नाही, म्हणजे संपर्कच नाही. लोगो फाटका-तुटका आला तर एखाद-दुसरी तार सुटते आहे. लोगो बरोबर आला पण पुढे गेम गोठला, तर लोगोसाठी न लागणाऱ्या पत्त्याच्या वरच्या पिना तपासा.

साफ करायला ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि कापसाच्या काड्या. काडी ओली हवी, ठिबकती नको. पिनांच्या लांबीच्या दिशेने घासा, आडवं घासल्यास कापसाचे धागे कडांना अडकतात. पहिली काडी करडी-काळी होऊन निघेल. नवी घ्या, पांढरी निघेपर्यंत चालू ठेवा, मग कोरडी काडी फिरवून दहा मिनिटं थांबा. स्लॉटसाठी साफ केलेल्या कार्ट्रिजच्या पिनांना थोडं अल्कोहोल लावून, यंत्र बंद असताना, पाच-सहा वेळा आत-बाहेर करा. फुंकर मारू नका. श्वासातला ओलावा पिनांवर बसतो आणि गंज वाढवतो. पॉलिश पेपर तर लावूच नका, पिनांवरचा सोन्याचा थर अतिशय पातळ असतो आणि एकदा गेला की खालचं तांबं काळं पडत राहतं.

गेम चालतो पण सेव्ह राहत नाही, तेव्हा आतला बटन सेल संपलेला असतो. जुन्या कार्ट्रिजचं कवच ३.८ मिलिमीटरच्या गेमबिटने, ॲडव्हान्सचं तीन पात्यांच्या ट्राय-विंगने उघडतं. सेलवरचा नंबर वाचा. सीआर१६१६ आणि सीआर२०२५ हे नेहमीचे, आणि जो आहे तोच घाला. सीआर२०३२ जाडीने जास्त असतो, कवच फुगतं आणि पिना स्लॉटमध्ये तिरप्या बसतात. मल्टिमीटरवर २.५ व्होल्टच्या खाली आकडा दिसला तर बदलायची वेळ झाली.

सेल काढला की रॅममधला सेव्ह जातो. म्हणून आधी कार्ट्रिज रीडरने तो संगणकावर उतरवा, मग सेल बदला, मग परत लिहा. नवा सेल पत्र्याचे पाय आधीच लावलेला घ्या. सोल्डरिंग आयर्न ३५० अंशांच्या आसपास, प्रत्येक पायाला दोन-तीन सेकंद पुरे. सेलच्या अंगावर थेट टाका मारू नका, लिथियम सेल तापून फुटू शकतो. बोर्डवरची अधिक-उणे खूण सेल काढण्यापूर्वीच फोटोत घेऊन ठेवा.

गोल्ड, सिल्व्हर आणि क्रिस्टलचा सेल इतरांच्या आधी संपतो, कारण तोच सेल सेव्हबरोबर घड्याळही चालवतो. रूबी, सॅफायर आणि एमरल्डमध्ये सेव्ह फ्लॅशमध्ये, म्हणजे सेलशिवाय टिकणाऱ्या मेमरीत राहतो आणि सेल फक्त घड्याळासाठी आहे. सुरुवातीला सेल संपल्याचा संदेश आला तरी सेव्ह शाबूत असतो. फायररेड-लीफग्रीनमध्ये सेलच नाही, तिथे सेव्ह हरवत असेल तर पिना साफ करा आणि तरीही हरवला तर कार्ट्रिज नकली आहे का ते बघा.

नकली कार्ट्रिजचा संबंध पुन्हा व्होल्टेजशी येतो. जुन्या गेमबॉयच्या बऱ्याच नकलांमध्ये ३.३ व्होल्टची चिप मधल्या रूपांतराशिवाय थेट ५ व्होल्टच्या तारांवर जोडलेली असते. काही दिवस चालते, मग सेव्ह बिघडतो, मग चिप जाते, आणि तोवर यंत्रावरही भार पडत राहतो. ॲडव्हान्सच्या नकली पोकेमॉन कार्ट्रिज खेळायला ठीक वाटतात आणि डीएसमधल्या स्थलांतराच्या वेळी अनेकदा ओळखल्याच जात नाहीत. खरेदीआधी कवच उघडून बोर्डचा फोटो मागा. खऱ्या बोर्डवर निंटेंडोचं नाव छापलेलं असतं आणि चिपवर नीट कोरलेले नंबर असतात. काळ्या राळेच्या थेंबाखाली लपवलेली चिप दिसली तर ती कार्ट्रिज घेऊ नका.